मागून आलेला रेटा

लातूरच्या कॉलेजात मी गणित शिकवायची, एवढं सांगितलं की लोकांचं समाधान होतं. संशोधन लाटांवर आणि कणांवर केलं, असं म्हटलं की समोरचा माणूस जरा सावध होतो. धर्माबादचे एक मिरचीचे व्यापारी एकदा खास गाडी करून माझ्याकडे आले होते. मॅडम लाटांचं गणित जाणतात, असं त्यांच्या कानावर गेलं होतं. मिरचीच्या भावात तेजीची लाट कधी येणार, एवढंच काढून द्या, म्हणाले. ते मला जमत नाही म्हटल्यावर त्यांनी शांतपणे चहा संपवला आणि दारात माझ्या भावाला म्हणाले, "शिकल्या लई, पण कामाचं काई शिकल्या न्हाईत."

म्हणून आधी कामच सांगते. लाट म्हणजे पाण्याचं पुढं जाणं नव्हे. पाणी जागच्या जागी वरखाली होतं, पुढं जातो तो धक्का. जमिनीतून येणारी लाटही तशीच असते. दुसरा भाग कणांचा. आमच्या लातुरात टँकरपाशी घागरींची रांग लागते, ती डोळ्यांपुढं आणा. पहिली घागर भरून उचलली की तिथं जागा रिकामी होते. दुसरी बाई आपली घागर पुढं सरकवते, मग तिसरी, मग चौथी. घागरी पुढं जातात, पण ती रिकामी जागा मात्र उलटी, मागं मागं जात शेवटच्या बाईपर्यंत पोचते. प्रत्येक बाई फक्त आपल्या पुढच्या घागरीकडं बघत असते, तरी साऱ्या रांगेला एक चाल येते. कुठं ती चाल बिघडते, कुठं रांग तुंबते, हे आधी सांगता येतं का, हा माझा धंदा. घरात आम्ही दखनी बोलतो, अब्बांना हे समजावलं तेव्हा ते म्हणाले होते, "बेटा, इतना पढके आखिर में घागरच?"

लातूरकडं तो मोठा भूकंप झाला त्या वेळी मी नांदेडला संशोधन करत होते, जमिनीतल्या लाटांवर. काळ्या मातीखाली खडक, त्याखाली आणखी काही थर, अशा जमिनीतून लाट कशी जाते याची समीकरणं सोडवायची. वर्षभर ते काम मी मोठ्या आवडीनं केलं होतं. त्या पहाटे नांदेडातही भांडी वाजली. सकाळी बातम्या यायला लागल्या आणि मिळेल त्या गाडीनं मी लातूर गाठलं. आमचं घर उभं होतं. अब्बा, अम्मी, भाऊ, सगळे रस्त्यात बाजा टाकून बसलेले. अम्मीनं मला जवळ घेतलं आणि पहिलं काय विचारलं तर, "तेरेकू मालूम था क्या?"

मला माहीत नव्हतं. कुणालाच नसतं. पण त्या प्रश्नानं मला पुढं कधी सुखानं झोपू दिलं नाही.

काही दिवसांनी औशाकडच्या एका गावातून निरोप आला. गाव पडलं होतं, उरलेले लोक माळावर पत्र्याच्या छपरांत राहत होते आणि रोज नवी अफवा उठत होती. आज दुपारी येणार, उद्या संध्याकाळी येणार, पहिल्यापेक्षा मोठा येणार. तिथल्या एका अधिकाऱ्यानं मला लोकांशी बोलायला बोलावलं. मी सोबत दोर नेला. एक टोक शाळामास्तरांच्या हातात दिलं, दुसरं मी धरलं, झटका दिला. "बघा, दोर कुठं गेला नाही, झटका गेला," असं सांगत होते. लोक गुमान ऐकत होते. मग सुभद्राबाई म्हणून एक बाई उभी राहिली. तिची सासू आणि धाकटी मुलगी गेली होती, हे मास्तरांनी मला आधीच सांगितलं होतं.

"बाई, घरात कवा जायाचं तेवढं सांगा," ती म्हणाली. तिच्या घराचा एक कोपरा उभा होता.

मी म्हटलं, "लहान धक्के येत राहतील. मोठा येणार नाही असं मला सांगता येत नाही. येणारच, असंही कुणाला सांगता येत नाही. जो वेळ सांगतो तो खोटं बोलतो."

"तुमी खोटं न्हाई बोल्लात बाई," ती म्हणाली, "पण धीर बी न्हाई दिलात."

त्याच दिवशी उन्हं उतरायच्या सुमाराला कुणीतरी ओरडलं, "आला, आला!" धक्का नव्हता, काहीच नव्हतं. पण माळभर लोक धावले. अंगावर पडेल अशी एकही भिंत तिथं नव्हती. तरी एक म्हातारे गृहस्थ पायांखाली आले आणि त्यांचं कंबरेचं हाड मोडलं. मी बाजूला उभी होते आणि माणसांतून जाणारी ती लाट मला स्पष्ट दिसली. धावणाऱ्यांनी पुढं काही पाहिलं नव्हतं. प्रत्येकानं फक्त शेजारचा धावताना पाहिला होता.

नांदेडला परतल्यावर मी माझ्या सरांना सांगितलं की मला जमिनीतल्या लाटा सोडून माणसांतल्या लाटांकडं जायचंय. ते म्हणाले, माणसांची समीकरणं कच्ची असतात. खरं होतं ते. पण मी वळले, आणि मग तिथंच राहिले.

त्याचा एक तोटा झाला. ज्याला गर्दी कळते त्याला गर्दीत चैन पडत नाही. उरूस असो, लग्न असो, मी आत शिरताना दार बघते, जिना बघते. भावाच्या मुलीच्या, सनाच्या शाळेच्या स्नेहसंमेलनात मी तिचा नाच पाहायचं सोडून बाहेर जायच्या वाटा बघत बसले होते. "फुप्पू, तुम कभी आराम से बैठती नहीं," ती म्हणाली होती.

पुढं लातुरात क्लासेसचं पर्व सुरू झालं. शहर बघता बघता पोरांनी भरलं. नांदेड, परभणी, बीड, पार किनवटच्या टोकापासून मुलं येऊन खोल्या घेऊन राहू लागली. पहाटेपासून रस्त्यानं पाठीवर दप्तरं घेतलेली डोकीच डोकी. माझा एक जुना विद्यार्थी, बालाजी, यानंही क्लास काढला. हुशार, कष्टाळू, पोरांवर जीव असलेला मुलगा. त्याची नवी तीनमजली इमारत झाली तेव्हा त्यानं मला बोलावलं. दर रविवारी वरच्या मजल्यावर निवडक मुलांना गणित शिकवा, म्हणाला. सनाही त्याच क्लासला दुसऱ्या मजल्यावर जात होती.

मी गेले आणि जिन्यातच थांबले. जिना अरुंद, मध्ये वळण, वळणावर पाण्याचा जार. एक बॅच सुटायची आणि दुसरी चढायची वेळ एकच. खाली येणारी मुलं आणि वर जाणारी मुलं खांद्याला खांदा घासत, एकमेकांच्या दप्तरांत अडकत जात होती. मी भिंतीला टेकून उभी राहिले आणि एका पायरीवर किती मुलं आहेत ते मोजू लागले.

"बालाजी, दुसरा जिना कुठाय?"

"मागं हाय ना मॅडम. पण तिथं जुने बेंच ठिवलेत."

"ते काढ. आणि दोन बॅचमध्ये वेळ सोड."

तो हसला. "मॅडम, इतकी वर्षं झाली, एकदाबी काई झालं न्हाई. पोरं हायेत, सवय असती त्यांना."

त्याला माझं म्हणणं पटवायला मी कागदावर जिना काढला. माणसं मोकळी असताना एकमेकांना टाळून चालतात. दाटी एका मर्यादेपलीकडं गेली की माणूस चालत नाही, तो वाहतो. मग आतल्या कुणाच्या इच्छेला अर्थ राहत नाही. सगळ्यात वाईट म्हणजे रेटा मागून पुढं झटकन जातो, पण पुढं काय झालं याची बातमी मागं येत नाही. पुढचा पडला तरी मागच्याला वाटतं, हा उगाच थांबलाय.

बालाजीनं कागद नीट पाहिला, घडी घालून खिशात ठेवला आणि काही केलं नाही. पुढच्या रविवारी मी गेले नाही. त्याचा फोन आला. मी म्हटलं, मागचा जिना मोकळा झाला की येते. त्याला राग आला असावा. पण आठवड्यात बेंच निघाले, दार उघडं झालं, दिवा लागला. बॅचमधली वेळ मात्र तशीच राहिली. फी भरलेल्या पालकांना तासाची मिनिटं कमी केलेली चालत नाहीत, असं त्याचं म्हणणं. दार उघडलं या समाधानात मी शिकवायला लागले.

असाच एक रविवार होता, सकाळची वेळ. मी फळ्याकडं तोंड करून होते. आधी वाटलं, खालून जड ट्रक चाललाय. मग पंखा डोलायला लागला आणि बाकांवरच्या पाण्याच्या बाटल्या थरथरल्या. आमच्याकडं असे लहान धक्के अधूनमधून येतात. मुलं एकदम उभी राहिली. यांतल्या एकानंही तो मोठा भूकंप पाहिला नव्हता. पण घरोघरी त्याच गोष्टी ऐकत ही मुलं मोठी झाली होती. हादरा आला की बाहेर पळायचं, हे त्यांच्या रक्तात होतं.

"खाली बसा! बाकाखाली डोकी घाला!"

ती बसली. आणि ती बसल्याबरोबर माझ्या मनात आलं, हा धक्का एवढाच आहे, की मागून मोठा येतोय? हे मला ठाऊक नव्हतं. इमारत कोसळली तर या पोरांना मी बसवून मारलं असं होणार होतं. इमारत नवी आहे, जिना जास्त धोक्याचा आहे, हे माझं डोकं सांगत होतं. पाय मात्र पळ म्हणत होते. हादरा लगेच थांबला. तेवढ्यात खालून आवाज यायला लागला. ओरडणं नव्हतं ते, सुरुवातीला नुसती घासाघास, दप्तरांची, बुटांची. मग एक किंकाळी आली.

बालाजी त्याच मजल्यावरच्या ऑफिसातून धावत आला. "मॅडम, दुसऱ्या मजल्यावरचे समदे सुटले."

"कुठल्या जिन्यानं?"

"पुढच्या."

मागचं दार उघडं होतं. पण त्या दारानं कुणी कधी गेलंच नव्हतं. माणूस घाबरला की ओळखीच्या वाटेनंच पळतो.

"ही मुलं मागच्या जिन्यानं उतरव," मी त्याला सांगितलं, "आणि तसाच दुसऱ्या मजल्यावर जा, राहिलेल्यांना तिकडं वळव." तो गेला. मी पुढच्या जिन्यानं उतरले. वरचा टप्पा मोकळा होता. दुसऱ्या मजल्यापाशी गर्दीची पाठ लागली. तिथून खालच्या वळणापर्यंत जिना मुलांनी गच्च भरलेला. वळणावर एक पोरगी पडली होती. तो जारही उलटला होता आणि पायऱ्या ओल्या झाल्या होत्या. पुढच्या पोरी किंचाळत होत्या, आणि त्या किंकाळ्या ऐकून मागचे आणखी रेटत होते. "चला ना पुढं! चला की!" मी ओरडले, "थांबा!" माझा आवाज मलाच ऐकू आला नाही. सना कुठं दिसते का, म्हणून मी डोकी पाहत होते. ती दिसली नाही.

मग मी सगळ्यात मागच्या मुलाच्या दप्तराचा पट्टा धरला आणि त्याला मागं ओढलं.

"एक पायरी वर ये."

"वर कामून मॅडम? बिल्डिंग पडून राहिली!"

"बिल्डिंग नाही, खाली पोरगी पडलीय. वर ये. आणि तुझ्या पुढच्याला असाच ओढ. त्याला सांग, पोरगी पडलीय."

त्यानं क्षणभर माझ्याकडं पाहिलं. मग वर आला आणि पुढच्याचं दप्तर धरलं. त्या मुलानं मान वळवली, ऐकलं, तोही एक पायरी चढला. शेजारच्या मुलींना मी तसंच ओढलं. एक बोटभर फट पडली आणि लगेच भरली. पुन्हा ओढलं. पुन्हा भरली. माझ्या दंडांतलं त्राण गेलं होतं. मागून खोल्यांतून आणखी मुलं येत होती. तेवढ्यात बालाजी त्यांच्यापुढं आडवा उभा राहिलेला दिसला. दोन्ही हात पसरून तो ओरडत होता, "इकडून, लेकरांनो, इकडून!" मागचा ओघ थांबला, आणि मग ती फट टिकली.

मी आयुष्यभर फळ्यावर रिकामी जागा उलटी चालवली होती. त्या दिवशी ती जिन्यावरून खाली जाताना पाहिली. एकेक दप्तर मागं सरकत होतं, एकेक डोकं वळत होतं, "पोरगी पडलीय, पोरगी पडलीय" हा निरोप पायरीपायरीनं उतरत होता. तो तळापर्यंत पोचेल की मध्येच कुणी घाबरून जागा भरून टाकेल, या भीतीनं मी श्वास धरून उभी होते. वळणावरच्या मुलांना वाकण्यापुरती जागा झाली. त्यांनी तिला उचललं.

तिचं नाव कोमल. इस्लापूरची. तिचे ओठ निळे पडले होते, पण श्वास चालू होता. रिक्षातून तिला दवाखान्यात नेलं. बरगड्या आणि गळ्याखालचं हाड मोडलं होतं. डॉक्टर म्हणाले, आणखी थोडा वेळ गेला असता तर वाचली नसती. सना मला रस्त्यापलीकडं सापडली. तिला खरचटलंही नव्हतं. दोन्ही तळहात छातीशी धरून ती उभी होती आणि काही केल्या बोलत नव्हती. इमारतीला तडासुद्धा गेला नव्हता. दुसऱ्या दिवशी पेपरात चार ओळी आल्या: सौम्य धक्का, हानी नाही.

कोमलचे वडील त्या रविवारीच दुपारपर्यंत पोचले. जीप चालवणारे, बोलायला मोजके. पोरीच्या उशाशी बराच वेळ बसून मग बाहेर माझ्याकडं आले.

"जिना पडला का मॅडम?"

"नाही."

"मंग भिंत?"

"नाही. काहीच पडलं नाही."

"मंग माझं लेकरू कशानं मोडलं?"

मी त्यांना सांगायचा प्रयत्न केला. गर्दी, रेटा, प्रत्येकाचा थोडा थोडा भार. ते ऐकत राहिले आणि शेवटी म्हणाले, "म्हणजे कुणाचं नाव घ्यावं, असं कुणीच न्हाई." ते रागानं म्हणाले असते तर मला बरं वाटलं असतं.

बालाजीनं त्या आठवड्यात बॅचेसमध्ये वेळ सोडला. पालकांशी भांडून सोडला. मागच्या जिन्यानंच चढायचं, पुढच्यानं उतरायचं, असा नियम केला आणि कितीतरी दिवस तो स्वतः दारात उभा राहून मुलांना वळवत होता. मला म्हणाला, "नुसतं दार उघडून भागत न्हाई मॅडम. पायांना ते ठाऊक पाहिजे." त्याच्यावर मी तेव्हापासून कधी रागावले नाही.

कोमलला भेटायला मी रोज जात होते. बोलता यायला लागल्यावर तिनं पहिलं विचारलं, "मॅडम, मला कुणी ढकललं?"

"कुणीच नाही गं," मी म्हटलं. हे खरं होतं. या विषयावर मी शोधनिबंध लिहिले होते, परदेशात जाऊन बोलून आले होते.

तिनं मान भिंतीकडं वळवली. "हात होते मॅडम. पाठीवर. दोन्ही हात."

घरी सना जेवत नव्हती. क्लासला जायचं नाव काढलं की पोट दुखतं म्हणायची. भावाला वाटलं, धक्क्याची भीती बसलीय. एका दुपारी मी कोथिंबीर निवडत बसले होते, ती समोर येऊन बसली, काड्या तोडू लागली आणि खाली मान घालून म्हणाली, "फुप्पू, वो हात मेरे थे."

मी तिला सगळं समजावलं. तुझ्या मागं इतके जण होते, त्यांचा भार तुझ्या हातांतून गेला, तू नुसती मधली होतीस. तू हात काढायचं म्हटलं असतंस तरी काढता आले नसते. ती म्हणाली, "मला माहीताय. मी काढायला बघत होते. जागाच नव्हती." मग माझ्याकडं बघून म्हणाली, "तुम्हारे कणांना हात नसतात ना फुप्पू. मला आहेत."

इतक्या वर्षांच्या कामात मी माणसांचे ठिपके केले होते. तसं केल्याशिवाय गणित पुढं जात नाही आणि जिने मोकळे करून घेता येत नाहीत. पण एका ठिपक्याला रात्री झोप येत नसली तर काय करायचं, हे त्यात कुठं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी सना माझ्याबरोबर दवाखान्यात आली. वाटेत मला सारखं वाटत होतं की हे चुकतंय, आजारी पोरीपुढं हे काढायला नको. दारातून परत फिरावं म्हणून मी एकदा थांबलेही. सना थांबली नाही. ती खाटेजवळ गेली आणि उभ्या उभ्याच सांगून टाकलं. मागून रेटा आला, माझे हात तुझ्या पाठीवर होते, मला काढता आले नाहीत.

कोमलचे वडील खुर्चीवरून अर्धवट उठले आणि पुन्हा बसले. मग कोमल म्हणाली, "तू होतीस व्हय? मला वाटून राहिलं होतं, मी पडावं असं कुणाच्या तरी मनात होतं." तिनं डोळे मिटले. "रोज तेच वाटायचं. आता न्हाई वाटणार."

सना तिच्या खाटेवर टेकली आणि रडली. कोमलनं तिला रडू दिलं.

गळ्याखालचं हाड सांधल्यावर कोमल क्लासला परत आली. मी मुद्दाम खाली येऊन उभी होते. मागच्या जिन्यापाशी ती थांबली. पहिल्या पायरीवर पाय ठेवीना. सना तिच्या मागं होती, दोन हातांचं अंतर सोडून. कोमलनं वळून पाहिलं.

"तू पुढं चल," ती म्हणाली. "मी मागून येते."

सना पुढं झाली. पाठमोरी, खांदे आखडलेले, कुणीतरी आता हात लावेल असं वाटणाऱ्या माणसासारखी ती चढू लागली. कोमल तिच्या मागं. दोघींमध्ये एक पायरी मोकळी. वळणावर त्या दिसेनाशा झाल्या, आणि मी खाली उभी राहून वरच्या मजल्यापर्यंत त्यांची पावलं ऐकत राहिले.